एकोणदोन

कप कोमट होता. नाना वाचनालयातून आले, पिशवी खुर्चीवर ठेवली, चष्मा काढून सदऱ्याच्या टोकाला पुसला आणि टेबलावरची वर्तमानपत्रं बाजूला सारायला हात पुढे केला, तेव्हा तो हात कपाला लागला आणि चटका बसावा तसा झटकन मागे आला. चटका बसण्याइतका तो कप गरम नव्हताच. पण एकट्या माणसाच्या घरात कुठलीच वस्तू माणसाला चुकवून कोमट होत नाही. सकाळी पालथी घातलेली बशी संध्याकाळी पालथीच सापडते, अर्धवट ओढलेला पडदा अर्धवटच राहतो. घर म्हणजे आपण सोडून गेलेल्या क्षणाची एक प्रत असते आणि तीत दुरुस्ती करणारं दुसरं कुणी नसतं. म्हणून नाना आधी घाबरले. मग त्यांनी पाहिलं की कपावर बशी झाकलेली आहे, बशीच्या बाजूला दुसरा कप आहे, तो रिकामा, तळाशी घोटभर गाळ. स्वयंपाकघरात जाऊन पाहिलं तर गॅस खालून, सिलिंडरपाशी बंद केलेला होता. या घरात गॅस खालून बंद करणारा एकच माणूस होता, आणि त्यानं सहा वर्षांत या घरात पाऊल टाकलं नव्हतं.

नाना दार उघडं टाकून समोरच्या वहिनींकडे गेले. वहिनी कपड्यांच्या घड्या घालत होत्या.

"वहिनी, आमच्याकडे कुणी आलं होतं का हो?"

"आले होते की. तुमचे मोठे बंधू ना? चेहरा अगदी तुमचाच, फक्त इस्त्री केलेला." वहिनी आपल्याच विनोदावर हसल्या. "किल्ली होती त्यांच्याकडे, म्हणून मी काही बोलले नाही."

"गेले कधी?"

"आता ते कसं सांगू? दार लागल्याचा आवाज आला एवढं खरं."

"बराच वेळ बसले होते का?"

"बसले असतील थोडा वेळ."

"थोडा म्हणजे?"

"अहो काका, मी काय घड्याळ घेऊन पाळतीवर बसते का?" आणि मग नानांचा चेहरा पाहून त्या जरा नरमल्या. "काही घोटाळा झालाय का?"

"नाही नाही, घोटाळा कसला," असं म्हणून नाना परत फिरले. थोडा वेळ, बराच वेळ. आयुष्यभर छापखान्यात प्रुफं तपासताना असे शब्द त्यांनी हजारदा पाहिले होते आणि कधी त्यांच्याखाली रेघ मारली नव्हती. आता मात्र सगळं त्या दोन शब्दांमधल्या फरकावर येऊन थांबलं होतं. दादा बराच वेळ वाट बघत बसला असेल तर तो भांडण मिटवायला आला होता, आणि तसं असेल तर आत्ता, याच पावली उठून बसस्थानकावर गेलं पाहिजे. दादाच्या गावाला थेट जाणाऱ्या दुपारच्या गाड्या तीन. चारची गेली, पावणेपाचची जायची होती, शेवटची साडेपाचची. पण दादा नुसता डोकावला असेल, शहरात काही काम होतं म्हणून आला, किल्ली खिशात होती म्हणून दार उघडलं, तल्लफ आली म्हणून चहा टाकला, जास्त झाला म्हणून दुसऱ्या कपात ओतला, आणि निघाला, तर? तर धापा टाकत स्थानकावर गेलेला एक म्हातारा माणूस आणि त्याच्याकडे नवलानं बघणारा त्याचा भाऊ, अरे तू कशाला आलास. या प्रसंगाची कल्पना करूनच नानांचे कान गरम झाले. फोन होता. दादाचा नंबरही होता. तो त्यांनी आजवर इतक्या वेळा लावून पहिली रिंग वाजायच्या आत तोडला होता की आता तो नंबर त्यांना दारावरच्या कुलपासारखा वाटायचा, पाहायचा आणि परत फिरायचं.

लोक म्हणतात दोघा भावांत छत्तीसचा आकडा. यांच्यातला आकडा छत्तीस नव्हता, शून्य दशांश सहा नऊ तीन एक असा होता. दादा कॉलेजात गणित शिकवायचा. निवृत्त झाल्यावर त्यानं विद्यार्थ्यांसाठी लॉगॅरिदमवर एक छोटं पुस्तक लिहिलं आणि भावाचा छापखाना म्हणून तिथंच दिलं. तपासायला अर्थातच नाना बसले. लॉगची टेबलं त्या छापखान्यात वर्षानुवर्षं छापली जात; दोनाचा तीन शून्य एक शून्य, तीनाचा चार सात सात एक, ही अक्षरं नानांना आपल्या नावापेक्षा जास्त पाठ. आणि दादाच्या हस्तलिखितात दोनाचा लॉग म्हणून पानोपानी सहा नऊ तीन एक. नानांना वाटलं, दादाचं वय झालं. त्यांना भावाची कणव आली. विचारावं असं मनात आलं, पण विचारणं म्हणजे त्याची चूक त्याच्या तोंडावर दाखवणं, म्हणून त्यांनी गुपचूप, प्रेमानं, प्रत्येक ठिकाणी तो आकडा खोडून समासात बरोबर आकडा लिहिला. गणितातली माणसं नैसर्गिक लॉगलाही नुसतंच लॉग म्हणतात, पाया लिहीत नाहीत, कारण त्यांच्या लेखी दुसरा लॉग जगात नसतो, हे नानांना कुणी सांगितलं नव्हतं. आणि दादाला सांगावंसं वाटलं नव्हतं, कारण ते कुणाला ठाऊक नसेल हेच त्याला ठाऊक नव्हतं. पुस्तक तसंच छापून झालं. प्रकाशनाच्या दिवशी एका प्राध्यापकानं उभं राहून पान क्रमांकासकट चुका वाचल्या, आणि दादा ध्वनिक्षेपकावर हसून म्हणाला, "काय करणार, आमचे बंधू अक्षरं वाचतात, अर्थ नाही." सभागृह हसलं. नाना तेव्हा मागच्या रांगेत खुर्च्या लावत होते. उरलेली खुर्ची त्यांनी घडी घालून भिंतीला टेकवली आणि ते चालत घरी आले. दादानं नंतर दोनतीन पत्रं पाठवली, पण त्यांत त्या वाक्याबद्दल एक अक्षर नव्हतं. प्रुफं तपासणाऱ्याला नसलेलं वाक्य आधी दिसतं.

आता नाना कपासमोर बसले आणि त्यांच्या मनात जे आलं ते दुसऱ्या कुणाच्या मनात आलं नसतं. कप किती निवलाय ते कळलं, तर तो किती वेळ निवत होता तेही कळेल. दादाच्या त्या पुस्तकातलंच हे उदाहरण होतं, सातव्या प्रकरणात, चहाचं नव्हे तर लोखंडाच्या गोळ्याचं. सहा वर्षांत ते पुस्तक नानांनी किती वेळा वाचलं होतं हे सांगायची सोय नाही. आधी रागानं, मग चूक नेमकी काय झाली ते बघायला, मग हट्टानं, की अर्थ वाचून दाखवीनच; आणि नंतर नंतर नुसतं, वाक्यांमधून दादाचा आवाज ऐकू येतो म्हणून. कपाटातून त्यांनी लाकडी खोक्यातला लांब थर्मामीटर काढला, दादाच कधीतरी कॉलेजातून घेऊन आला होता. बशी उचलून तो कपात बुडवला. पारा सेहेचाळीसवर थांबला. भिंतीवरच्या तापमापकात खोली सव्वीस. म्हणजे खोलीपेक्षा वीस अंश वर, अजून. घड्याळात चार वीस.

पण नुसतं तेवढ्यानं भागत नाही. हा कप किती घाईनं निवतो ते माहीत हवं. नानांनी गॅस खालून उघडला, चहा टाकला, तितकंच दूध, आणि दादाच्या रिकाम्या कपाचा जोडीदार म्हणून त्याच संचातला तिसरा कप काढून त्यात ओतला. पारा शहाऐंशी. खोलीपेक्षा साठ वर. बशी झाकली. दहा मिनिटं थांबायचं होतं. आणि त्या दहा मिनिटांत त्यांना गच्ची आठवली. दादा कॉलेजात, नाना शाळेत, दोघं गच्चीवर पाठीला पाठ लावून बसलेले, आणि दादा सांगतोय, "हे बघ छोट्या, तुझा तो दहाचा लॉग म्हणजे बोटांचा लॉग. आपल्याला हाताला दहा बोटं, म्हणून दहाचा पाया. बारा असती तर तुझं सगळं टेबल वेगळं निघालं असतं. नैसर्गिक लॉगला बोटंच नाहीत. तो मोजतो वेळ. जे जेवढं आहे तेवढ्या जोरानं वाढतंय किंवा कमी होतंय, त्याला इथून तिथवर जायला किती वेळ लागेल, एवढंच तो सांगतो. दुप्पट व्हायला सहा नऊ तीन एक. चौपट व्हायला?" तो आकडा तेव्हा नानांच्या कानावरून गेला, पुढे प्रुफांवर बसतानाही आठवला नाही. "त्याच्या दुप्पट, रे! दोनाचे चार झाले की लॉग दुप्पट, बस." आई वाळवण काढायला वर आली होती, तिनं तेवढंच ऐकलं. "दोनाचे चार व्हायचेत ना, मग आकडे कसले मोजतोस मेल्या, पोरगी बघ!" दादा इतका हसला की नानांच्या पाठीला त्याचं हसणं जाणवलं, आवाजाआधी. पुढे दादाचे दोनाचे चार झाले. नानांचे राहिले. पण त्या दुपारी दादानं तेही सांगितलं होतं, गरम वस्तू निवते तेव्हा आधी भराभर निवते, कारण फरक मोठा असतो. फरक कमी होत गेला की निवणंही मंदावतं. आणि हिशेबानं पाहिलं तर ती खोलीइतकी गार कधीच होत नाही, काहीतरी, अगदी कणभर, शिल्लक राहतंच. "कधीच नाही?" नानांनी विचारलं होतं. "गणितात नाही," दादा म्हणाला होता. "घरात होते."

दहा मिनिटांनी पारा चौऱ्याहत्तर. साठाचे अठ्ठेचाळीस झाले. साठ भागिले अठ्ठेचाळीस, सव्वा. सव्वाच्या लॉगला दहा मिनिटं लागली. पहिल्या कपाचे साठाचे वीस झालेत. साठ भागिले वीस, तीन. मग तीनाच्या लॉगला किती? फोनवर बटण दाबलं असतं तर क्षणात आलं असतं, पण दाबलेल्या बटणाचा अर्थ लागत नाही. आणि आज नानांना अर्थ हवा होता. त्यांनी दिनदर्शिकेचं मागचं पान फाडलं आणि दादाच्या रीतीनं सुरुवात केली. संख्येतून एक वजा, संख्येत एक मिळव, पहिल्याला दुसऱ्यानं भाग. तीनासाठी ते आलं अर्धं. मग अर्धं, त्यात अर्ध्याचा घन भागिले तीन, त्यात पाचवा घात भागिले पाच, त्यात सातवा भागिले सात. पेन्सिल कुरकुरत होती. प्रत्येक पद आधीच्यापेक्षा बारीक, तरी संपत नाही. शेकड्यात पन्नास, मग चार, मग अर्धा, मग मुंगीच्या पायाएवढं काहीतरी. नानांना कधी थांबावं ते कळेना. छापखान्यात थांबण्याची वेळ दुसऱ्यानं ठरवलेली असे, यंत्रावर चढायची वेळ झाली की पान हातातून ओढून नेत. इथे ओढून नेणारं कुणी नव्हतं. शेवटी त्यांनी बेरीज केली, दुप्पट केली: एक, शून्य, नऊ, आठ, सहा. ते मोठ्यानं म्हणाले, "एक दशांश शून्य नऊ आठ सहा," आणि सवयीनं पुढच्या आवाजासाठी थांबले. प्रुफं नेहमी दोघं वाचतात. एक म्हणतो, दुसरा "हं" म्हणतो. खोलीत "हं" आलं नाही.

सव्वाचं सोपं निघालं, एक नवमांश घेऊन तीनच पदांत उरकलं: शून्य दशांश दोन दोन तीन एक. पडताळा घ्यावा म्हणून त्यांनी दोनाचाही काढला, आणि समोर आपल्याच हातानं तो आकडा उमटलेला पाहिला, ज्याच्यापायी सहा वर्षं गेली होती. एकोणसत्तर एकतीस. किती विचित्र मोजतो आपण, त्यांना वाटलं. सत्तर आलेलेच नसतात, तरी सत्तरांचं नाव आधीच घेऊन बसायचं आणि म्हणायचं, एक उणा. एकोणीस, एकोणतीस, एकोणसत्तर. जो आला नाही त्याच्या नावानं ओळखले जाणारे आकडे. पण एकाला मात्र कुणी एकोणदोन म्हणत नाही. एक म्हणजे नुसता एक. एकाचा लॉग शून्य. तो कुठून निघालाही नाही आणि कुठे पोचलाही नाही. आणि इथे या टेबलाशी दोन कप मांडलेले, त्यांतला एक भरलेला, आणि समोरच्या खुर्चीत आपण, एकोणदोन.

मग एक गंमत झाली. भागाकार करायच्या आधी त्यांचा हात आपणहून, म्हातारा बैल घराकडे वळावा तसा, जुन्या वाटेनं गेला. तीनाचा, बोटांचा लॉग: चार सात सात एक. सव्वाचा: शून्य नऊ सहा नऊ. पहिल्याला दुसऱ्यानं भागलं. चार पूर्णांक ब्याण्णव. मग त्यांनी नैसर्गिक लॉगांचा भागाकार केला. चार पूर्णांक ब्याण्णव. नाना पेन्सिल धरून बसून राहिले. भागाकारात पाया उरतच नव्हता. दहाचा घ्या, निसर्गाचा घ्या, एकाला दुसऱ्यानं भागलं की पाया खाली गळून पडतो आणि उत्तर तेच राहतं. सहा वर्षं ज्याच्यावरून ते दोघं तोंड फिरवून बसले होते तो पाया होता, आणि इथे त्याची गरजच नव्हती. ते एकटेच हसले. दादाला हे सांगायला हवं, त्यांना वाटलं, आणि लगेच, दादाला हे माहीतच असणार.

दहा मिनिटं गुणिले चार पूर्णांक ब्याण्णव. एकोणपन्नास मिनिटं. म्हणजे चहा ओतला साडेतीनच्या सुमारास. आपण आलो सव्वाचारला. नाना खूश होऊन खुर्चीत मागे रेलले. एकोणपन्नास मिनिटं! हे थोडा वेळ नव्हे, हे बराच...

आणि तिथेच ते पुन्हा कपाकडे वाकले. एकोणपन्नास मिनिटं चहा बसला होता. दादा नव्हे. चहा ओतून, आपला कप घटाघटा पिऊन तो पाच मिनिटांत उठून गेला असेल, किंवा नाना जिन्याच्या पहिल्या पायरीवर पाय ठेवत असताना मागच्या जिन्यानं उतरला असेल. कपाला दोन्ही सारखंच. माणूस किती वेळ थांबला हे विचारायचं होतं आणि त्यांनी कप किती वेळ थांबला याचं उत्तर काढलं होतं, चार दशांश स्थळांपर्यंत अचूक. अक्षरं वाचली, अर्थ नाही. दादा अगदी बरोबर बोलला होता. त्यांनी घड्याळाकडे पाहिलं. पाच वाजून गेले होते. पावणेपाचची गाडी कधीच गेली होती, आणि ती जात असताना आपण एक सप्तमांशाशी झटत होतो.

नाना उठले. थांबला होता की नव्हता हे आता कळणार नव्हतं, आणि कळायची वाट पाहिली तर साडेपाचही जाणार होते. चपला कुठल्या पायात कुठली हे न बघता ते जिना उतरले. वहिनी दारातून म्हणाल्या, "काका, दार उघडंच..." "असू दे," नाना म्हणाले. स्थानक वीस मिनिटांच्या अंतरावर, त्यांच्या पावलांनी पंचवीस. रस्त्यात सायकलच्या दुकानापाशी त्यांना दम लागला, दवाखान्याच्या कठड्याला धरून ते उभे राहिले, पुन्हा निघाले. काय बोलायचं हे ठरवायला घेतलं की वाक्यं समोर उभी राहत आणि प्रत्येकात काहीतरी चूक दिसे.

गाडी लागलेली होती, इंजिन चालू होतं. दादा खिडकीत बसला होता. नानांनी एकदम ओळखलं नाही, कारण त्यांच्या मनातला दादा सहा वर्षांनी तरुण होता. इस्त्री वगैरे काही नव्हती. गाल बसलेले, कॉलर मानेला ढिली. नानांनी काचेवर टकटक केलं. दादानं वळून पाहिलं, आणि काच सरकवायला त्याला दोन्ही हात लावावे लागले.

"आलास," दादा म्हणाला.

"हो."

"धावत आलास की काय? वय काय तुझं?"

"तुझ्यापेक्षा चार कमी." नानांना अजून धाप होती. "घरी आला होतास."

"आलो होतो. चहा केला. माझा घेतला, तुझा झाकला." दादानं नाक खाजवलं. "मग जिन्यात पावलं वाजली. वाटलं तूच. अरे, छातीत धस्सच झालं. तू नव्हतास, कुणी वरच्या मजल्यावर गेलं. पण मग मला तिथं बसवेना. या वयात धाकट्या भावाला घाबरायचं म्हणजे! उठलो आणि निघालो."

"म्हणजे थांबलाच नाहीस."

"घरी नाही थांबलो." दादा पुढच्या सीटच्या दांड्याकडे बघत बोलत होता. "इथे थांबलो. म्हटलं, कप बघशील, ओळखशील, येशील. चारची सोडली. पावणेपाचची सोडली. कंडक्टर म्हणाला, आजोबा, जायचंय ना नक्की? आणि तू एवढा वेळ काय करत होतास रे?"

नानांना खोटं सुचलं नाही. "चहा कधी ओतलास ते काढत होतो."

"कशानं?"

"लॉगनं."

दादा खिडकीकडे झुकला. "कुठल्या?"

"नैसर्गिक. मग दहाच्यानंही काढलं. दोन्हीकडून एकच येतं."

"येणारच. गुणोत्तर आहे." मग, "हातानं काढलास? पदं मांडून?"

"हातानं."

"किती आलं?"

"एकोणपन्नास मिनिटं. साडेतीनचा सुमार."

"बशी धरलीस हिशेबात?"

"धरली."

"हं," दादा म्हणाला. नानांना एवढंच ऐकू आलं, इंजिनाच्या घरघरीतून, अगदी मोजकं "हं"; त्यापुढे दादा आणखी काही बोलत होता, पण कंडक्टरनं दार ओढून घेतलं, घंटी दिली आणि गाडीला हिसका बसला. नाना खिडकीसोबत चालू लागले. दादानं डोकं बाहेर काढलं.

"छोट्या, आधी यायचं असतं रे! गणित मागून!"

"दादा, ते वाक्य—" नाना ओरडले, पण गाडी वळली होती, आणि ओरडून बोलावं असं ते वाक्य नव्हतं. खिडकीतून बाहेर आलेला हात थोडा वेळ दिसला. मग गाडीची मागची बाजू, तिच्यावरची धूळ, मग नुसता रस्ता.

फलाट रिकामा झाला. चौकशीच्या खिडकीतला माणूस टेबलावरचे कागद आवरत होता. त्यानं वर पाहून विचारलं, "काका, चुकली का गाडी?"

"नाही," नाना म्हणाले. "पुढची कधी आहे?"

"तिकडची? आता उद्या सकाळी सहाला. सहाची म्हणजे साडेसहा धरा."

"धरतो."

"मग घरी जा आता. इथे बसून काय करणार?"

नाना हो म्हणाले. मग बाकापाशी गेले, एका टोकाला बसले आणि शेजारची जागा मोकळी ठेवली. ऊन अजून पत्र्यावर होतं. घरी जायचंच होतं, दार उघडं होतं. पण ते थोडा वेळ बसले, आणि किती वेळ, ते त्यांनी पाहिलं नाही.